सोसायटीच्या गच्चीवर जपानी ओत्सुकिमी: तारीख, दांगो आणि मांडणी

कॉलेजरोडकर

नमस्कार मंडळी. आमच्या सोसायटीत दरवर्षी कोजागिरीला गच्चीवर दूध आटवतात. यंदा, म्हणजे २०२६ मध्ये, त्याच्या जोडीला जपानी चंद्रदर्शन, ओत्सुकिमी, करायचं ठरलंय. दोन जपानी कुटुंबं आमच्याकडे भाड्यानं राहतात. त्यांना पाहुणे म्हणून बोलवायचंय, त्यामुळे तयारी त्यांच्या गळ्यात टाकायची नाही. नुसते कागदी कंदील टांगून फोटो काढायचे, तसंही नको आहे. जे करायचं ते त्यांच्याकडे घरोघरी करतात तसं व्हावं.

विचारायचंय ते असं. कोजागिरीच्याच रात्री केलं तर चालतं का? दांगो, म्हणजे ते तांदळाचे पांढरे गोळे, नाशिकमध्ये मिळणाऱ्या तांदळापासून जमतात का? किराणा दुकानातल्या पिठाचे तडकतात असं दोघीतिघींनी सांगितलंय. ते रचायचे कसे, सोबत काय ठेवायचं? आणि यात पूजा असते का? आमच्याकडचे ज्येष्ठ पहिला प्रश्न तोच विचारणार आहेत. माणसं चाळीसच्या आसपास असतील.

पंचांगातला_चंद्र

आधी तारखेचं बघू, कारण यंदा तिथेच अडचण आहे.

ओत्सुकिमीची मुख्य रात्र म्हणजे जुगोया, त्यांच्या जुन्या चांद्र पंचांगातल्या आठव्या महिन्याची पंधरावी रात्र. ती बहुतेक वर्षी आपल्या भाद्रपद पौर्णिमेच्या आसपास पडते, कोजागिरीच्या महिनाभर आधी. २०२५ मध्ये दोन्ही ६ ऑक्टोबरलाच आल्या. त्या वर्षी त्यांच्या पंचांगात सहाव्या महिन्यानंतर अधिक महिना होता आणि आपला अधिक ज्येष्ठ २०२६ मध्ये आला, म्हणून तो योग जुळला. दरवर्षी तसं होत नाही.

२०२६ ची जुगोया २५ सप्टेंबरला, शुक्रवारी आहे. त्या दिवशी आपली अनंत चतुर्दशी. वाकडी बारवेपासून गोदाकाठापर्यंत मिरवणुका, रस्ते बंद, सोसायटीतली निम्मी मंडळी विसर्जनाला. चाळीस माणसांचा कार्यक्रम त्या संध्याकाळी ठेवण्यात अर्थ नाही.

यातून वाट मात्र आहे, आणि ती त्यांच्याच परंपरेतली आहे. जुगोयानंतर साधारण महिन्यानं जुसान्या येते, नवव्या महिन्याची तेरावी रात्र. आठव्या महिन्याची पौर्णिमा जपाननं चीनकडून घेतली, तेराव्या रात्रीचा चंद्र मात्र त्यांचा स्वतःचा, हेइआन काळापासूनचा (आठवं ते बारावं शतक). पूर्ण व्हायला थोडा उरलेला चंद्र मुद्दाम बघायचा, हे मला फार आवडतं. यंदा जुसान्या २३ ऑक्टोबरला, शुक्रवारी आहे, आणि कोजागिरी २५ ऑक्टोबरला, रविवारी. दसरा २० तारखेला उरकलेला असेल. म्हणजे शुक्रवारी ओत्सुकिमी आणि रविवारी दूध, असं सरळ जमतं.

एक नियम मात्र पाळा. दोन्हींपैकी एकच चंद्र बघणं जपानात अशुभ मानतात, त्याला काता-त्सुकिमी म्हणतात. शिवाय पहिला चंद्र जिथून बघितला तिथूनच दुसराही बघायचा, अशी एदो काळापासूनची (सतरावं ते एकोणिसावं शतक) रीत आहे. तेव्हा २५ सप्टेंबरला तुम्ही चारपाच जण तरी त्याच गच्चीवर जा, एका ताटलीत थोडे दांगो आणि गवताचे तुरे ठेवा, अर्धा तास बसा. मोठा कार्यक्रम २३ ऑक्टोबरला. दोन्ही दिवशी चंद्र सूर्यास्ताआधीच उगवलेला असेल, ऑक्टोबरात तर अंधार पडेपर्यंत चांगला वर आलेला असेल. साडेसातला बसलात तर उत्तम.

सप्टेंबरात ढग असले तरी हिरमुसू नका. ढगाआडच्या चंद्राला मुगेत्सु म्हणतात, पावसातल्याला उगेत्सु, आणि दर्शन झालं असंच धरतात.

जाता जाता एक गोष्ट: जपाननं १ जानेवारी १८७३ पासून इंग्रजी कॅलेंडर स्वीकारलं आणि नवीन वर्ष त्या तारखांवर नेलं. ताऱ्यांचा सण तानाबाता बऱ्याच ठिकाणी ७ जुलैला गेला, पूर्वजांचा सण ओबोन कुठे जुलैत तर कुठे ऑगस्टमध्ये होतो. ओत्सुकिमी तेवढी चांद्र तिथीवरच राहिली. ठरलेल्या इंग्रजी तारखेला चंद्र भरलेला मिळणार कुठून?

पिठीवाली_ताई

दांगोबद्दल मी लिहिते. नाशिकमध्ये ते उत्तम होतात, फक्त पीठ बघून घ्या.

जपानी लोक घरी जोशिन्को वापरतात. साधा, चिकट नसलेला तांदूळ धुवून, वाळवून, बारीक दळलेलं पीठ. आपली मोदकाची पिठी अगदी त्याच पद्धतीची. इगतपुरीकडचा इंद्रायणी घ्या, तीनचार पाण्यांनी धुवा, सावलीत वाळवा, बारीक दळून आणा आणि मैद्याच्या चाळणीनं चाळा. भाकरीचं पीठ भरड असतं, पाणी आतपर्यंत ओढत नाही, म्हणून गोळा तडकतो. बासमती किंवा मोकळा शिजणारा कुठलाही तांदूळ नको. त्याचा गोळा मऊ झाला तरी काही तासांत कडक होतो.

१५ दांगोंचं प्रमाण: पिठी ३०० ग्रॅम, साखर एक मोठा चमचा, कडकडीत पाणी २५० ते २७० मिली. साखर गोडीसाठी नाही, दांगो जास्त वेळ मऊ राहावेत म्हणून. पाणी एकदम ओतू नका. तीनचार वेळा घाला, दर वेळी उलथन्यानं हलवा, मग हाताला सोसेल तेव्हा मळा. कानाच्या पाळीइतकं मऊ, हे तिकडचं माप आहे आणि ते तंतोतंत लागू पडतं. नवीन तांदळाला पाणी कमी लागतं, म्हणून शेवटचे २० मिली हातात राखून ठेवा.

आता इथे मोदकाची सवय सोडायची. उकड काढली, वळली, वाफवली, असं केलं तर दांगो खाताना तुटतो, ताणला जात नाही. दांगो आधी वाफवायचा, मग कुटायचा, आणि शेवटी वळायचा. मळलेल्या पिठाचे पाचसहा चपटे तुकडे करा, बोटाच्या पेराएवढे जाड. चाळणीत ओलं फडकं घालून मोठ्या आचेवर २० ते २५ मिनिटं वाफवा. एक तुकडा मोडून बघा. मध्ये पांढरी, कोरडी रेघ दिसली तर अजून पाच मिनिटं. मग गार पाण्यातून पटकन काढून खलात कुटा, नाहीतर ओल्या फडक्यात धरून पाच मिनिटं जोरात मळा. सुरुवातीला तुकडे एकमेकांना धरत नाहीत, दोन मिनिटांनी गोळा एकसंध आणि तुकतुकीत होतो. ही कुटाई टाळलीत तर सगळं वाया.

लांब वळकटी करून १५ भाग करा, प्रत्येकी साधारण ३५ ग्रॅम. हाताला पाणी लावून वळा. तेल लावू नका, रचताना गोळे एकमेकांवरून घसरतात. वळून झाले की ताटात सुटे मांडून पंख्याखाली ठेवा. त्यानं वर चकाकी येते आणि पृष्ठभाग सुकतो. पूर्ण गार होईपर्यंत रचायचं नाही. कोमट असताना रचले की खालची नऊ दबतात आणि ढीग बसतो.

चिकट तांदूळ मिळाला (आसामचा बोरा चाऊल काही जण मागवतात) तर पिठीच्या तीस टक्क्यांपर्यंतच मिसळा. त्यात अमायलोज, म्हणजे भाताला मोकळा ठेवणारा स्टार्च, जवळजवळ नसतं, म्हणून गोळा लवचिक होतो पण उभा राहत नाही. नुसत्या चिकट पिठाचे केले तर तासाभरात पसरून थापट्या होतील.

फ्रिजमध्ये ठेवू नका, कितीही मोह झाला तरी. शिजलेला स्टार्च शून्य ते चार अंशांत सगळ्यात लवकर कडक होतो. दुपारी तीनला करायला घ्या, ओल्या फडक्याखाली झाका, रात्री वापरा. कडक झालेच तर पाच मिनिटं पुन्हा वाफवा.

खायचे दांगो वेगळे करा आणि लहान करा, २० ग्रॅमचे. चाळीस जणांना माणशी तीन म्हणजे १२०, त्याला पिठी सुमारे १ किलो ३०० ग्रॅम. सोबत मिताराशी, म्हणजे वरून घालायचा गोड-खारट सॉस: सोया सॉस दोन मोठे चमचे, साखर चार, पाणी १०० मिली, कॉर्नफ्लोअर एक. सगळं थंड असतानाच एकत्र करा आणि मग मंद आचेवर सतत ढवळत पारदर्शक होईपर्यंत शिजवा. गरम पाण्यात कॉर्नफ्लोअर टाकलं तर गाठी होणारच. हे एवढं बारा-पंधरा दांगोंना पुरतं, पुढचा हिशोब तुम्ही करा. दुसरा प्रकार किनाको, म्हणजे भाजलेल्या सोयाबीनचं पीठ आणि तेवढीच साखर, चिमूट मीठ. सोयाबीन मंद आचेवर सालं तडकेपर्यंत भाजा. घाई केलीत तर कच्चट वास राहतो आणि साखरेनंही तो झाकला जात नाही.

लहान मुलं आणि म्हातारी माणसं यांना दांगो चार तुकडे करूनच द्या. अख्खा गोळा घशात अडकू शकतो. हे हसण्यावारी नेऊ नका.

कॉलेजरोडकर

ताई, फार उपयोगी. इंद्रायणी उद्याच धुवायला घेतो. पंचांगातला_चंद्र, तारखांचं तुम्ही म्हणता तसंच करू. एक शंका: तेरावी रात्र असेल तर दांगो १५ च ठेवायचे का? आणि गवत कुठून आणायचं?

काशफूल

जुसान्येला १३ ठेवतात: खाली नऊ, वर चार, बस. जुगोयेला १५: खाली तीन गुणिले तीन, त्यावर चार, त्यावर दोन. वर्षातल्या पौर्णिमांच्या हिशोबानं १२ ठेवणारीही घरं आहेत, त्यामुळे पाहुण्यांच्या घरची संख्या वेगळी निघाली तर ते चुकीचं नाही.

शेवटचे दोन मात्र नीट ठेवा. समोरून बघणाऱ्याला एकच दिसेल असे, एकामागे एक. डावीउजवीकडे शेजारी शेजारी ठेवणं ही बौद्ध श्राद्धविधीतली मांडणी आहे. आणि गोळे अगदी लाडवासारखे गोलगरगरीत नकोत, वरून बोटानं किंचित दाबा. जपानात मृताच्या उशाशी पांढरे दांगो ठेवतात, बहुतेक ठिकाणी सहा. त्याची आठवण होऊ नये म्हणून हा फरक करतात. त्याच कारणानं काही घरी वरचे एकदोन पिवळे करतात: वाफवलेला लाल भोपळा चमचाभर त्या दोन दांगोंच्या पिठात मळायचा, पाणी तेवढं कमी.

हे मी मुद्दाम विस्तारानं लिहितोय, कारण आपण नाशिकमध्ये आहोत. इथे तांदळाचे पांढरे गोळे पाटावर मांडलेले दिसले की रामकुंडावरचे पिंडच डोळ्यांसमोर येतात. २५ सप्टेंबरनंतर लगेच पितृपक्ष लागतोय. आजीआजोबांना ते खटकलं तर त्यांची चूक नाही, जपानी माणसालाही नेमकं तेच खटकतं. पिवळे दोन वर ठेवा, काळे तीळ कुठेही भुरभुरू नका, आणि मांडायच्या आधी दोन वाक्यांत सगळ्यांना सांगा.

दांगो सानबोवर ठेवतात, म्हणजे हिनोकीच्या (जपानी सायप्रसच्या) पातळ फळ्यांचा चौकोनी उंच ट्रे, ज्याच्या तीन बाजूंना भोक असतं. भोक नसलेली बाजू चंद्राकडे करायची. तो इथे मिळणार नाही, न रंगवलेला लाकडी पाट वापरा. वर कोरा पांढरा कागद, कोपरे थोडे खाली येतील असा. स्टीलचं ताट टाळा, दिव्याचा उजेड त्यात चमकतो आणि चंद्राकडे लक्षच जात नाही. गच्चीवर मुंग्या असतातच. पाटाचे पाय पाणी घातलेल्या बशांमध्ये ठेवा आणि माणसं बसेपर्यंत दांगोंवर जाळी.

गवताचं. तिकडे सुसुकी लावतात. कापणीआधी भाताच्या लोंब्या हाताशी नसतात, त्यांच्या जागी हे तुरे. चंद्रदेव त्यावर उतरतो असंही मानतात, आणि पात्याच्या धारेनं अरिष्ट दूर राहतं म्हणून नंतर ते छपराला टांगतात. आपल्याकडे त्याला सगळ्यात जवळचं म्हणजे नदीकाठी पांढरे तुरे येणारं काशाचं गवत, सप्टेंबर-ऑक्टोबरात भरपूर असतं. गंगापूर धरणाच्या रस्त्यानं जाताना कडेला दिसेल. नांदूरमधमेश्वरला मात्र काढायला जाऊ नका, ते पक्षी अभयारण्य आहे. हातमोजे घाला, पात्यानं बोट कापतं. तुरा नुकता उघडायला लागलेला, अजून रेशमी चमक असलेलाच निवडा. पूर्ण पिंजारलेला आणलात तर म्हातारीच्या कापसासारखा सगळीकडे उडेल आणि दांगोंवर बसेल. सुसुकीचं टोक कापल्याबरोबर काही मिनिटं व्हिनेगरमध्ये बुडवतात, मग पाण्यात. त्यानं पाती लवकर गुंडाळत नाहीत. काशालाही तसं करून बघा. अरुंद तोंडाची उंच मातीची सुरई घ्या आणि तळाला दगड घाला, नाहीतर गच्चीवरच्या वाऱ्यानं आडवी होईल.

शेवंता_सातपूर

पूजेबद्दल. मंत्र नाही, पुरोहित नाही, आरती नाही. शिंतो परंपरेत त्सुकुयोमी हा चंद्रदेव आहे, पण घरातली ओत्सुकिमी पिकाबद्दल कृतज्ञता म्हणून असते. पदार्थ चंद्रासमोर मांडायचे, हात जोडायचे, शांत बसून बघायचं, मग तेच वाटून खायचं. नैवेद्य आणि प्रसाद कळणाऱ्या आपल्या माणसांना वेगळं समजावून सांगावं लागणार नाही. हळदकुंकू दांगोंवर वाहू नका, आणि उदबत्ती किंवा चॉपस्टिक त्यांत उभी खोचू नका, ती मृताच्या भातासाठीची खूण आहे. चॉपस्टिकनं दुसऱ्याच्या चॉपस्टिकमध्ये घास देऊ नये हेही मुलांना सांगून ठेवा. दहनानंतर अस्थी तशा उचलतात.

दांगोंइतकाच मान पिकाचा असतो. जुगोयेला इमो-मेइगेत्सु, कंदांचा चंद्र, असंही म्हणतात. लहान अळकुड्या सालीसकट १५ ते २० मिनिटं वाफवा, वरचं टोक कापा, मीठ लावा, दाबली की आतला गर बाहेर येतो. याला किनुकात्सुगी म्हणतात. अर्धवट शिजली तर घसा खाजतो, सुरी सहज आत जायला हवी. क्योतोकडे तर दांगोही कंदाच्या आकाराचे करून त्यांना आंकोचा, म्हणजे लाल कडधान्याच्या गोड पुरणाचा, पट्टा गुंडाळतात. आंको करायचं असेल तर लाल चवळी चालते: २०० ग्रॅम चवळी उकळा, पहिलं पाणी फेका, बोटानं चिरडेल इतकी शिजवा, त्यानंतरच १६० ग्रॅम साखर घाला. आधी घातली तर दाणा शिजतच नाही.

जुसान्या मात्र चेस्टनट आणि शेंगांची. चेस्टनट शोधत बसू नका, ताज्या भुईमुगाच्या शेंगा मिठाच्या पाण्यात उकडून ठेवा. वेलीवरचं काही ठेवलं तर चंद्राशी नातं घट्ट होतं असं मानतात आणि जपानी पाहुण्यांना नाशिक म्हटलं की द्राक्षंच आठवतील, पण ऑक्टोबर हा आपल्याकडे छाटणीचा महिना. मळ्यातली छाटलेली वेल आणायची कल्पना कुणाला सुचली तर थांबवा. त्यावर फवारणी झालेली असू शकते, अन्नाशेजारी ती नको.

पंचांगातला_चंद्र

मुलांसाठी एक भर. काही भागांत त्या रात्री मुलांनी दांगो चोरायचे असतात, काठीला टोचून, आणि चोरी झाली की घराला शुभ. रचलेल्या १३ ला हात लावू देऊ नका, कठड्याजवळ झाकून वेगळी थाळी ठेवा आणि मोठ्यांनी तिकडे बघायचं नाही. अणकुचीदार काड्या नकोत, आइस्क्रीमच्या चपट्या काड्या द्या. आणि चंद्रावरचा मोची कुटणारा ससा दाखवताना शशजातक जरूर सांगा. स्वतःला आगीत झोकणारा ससा आणि त्याचं चित्र चंद्रावर काढणारा शक्र, म्हणजे इंद्र, ही कथा बौद्ध धर्माबरोबर इथूनच तिकडे गेली आणि 'कोंजाकु मोनोगातारिशू' या जुन्या जपानी कथासंग्रहात आली. पांडवलेणी बघितलेल्या मुलांना बुद्धाच्या पूर्वजन्माच्या गोष्टी परक्या वाटणार नाहीत.

कॉलेजरोडकर

सगळं टिपून घेतलं. शेवटचं एकच: सोसायटीत तीन जैन कुटुंबं आहेत.

शेवंता_सातपूर

मग अळकुड्या आणि शेंगा वेगवेगळ्या ताटांत, वेगवेगळ्या भांड्यांत उकडलेल्या. भुईमूग खातात का हे घरोघरी विचारा, कंदमूळ नक्कीच नाही. सूर्यास्तानंतर न खाणारे कुणी असतील तर त्यांचे दांगो साडेपाचच्या आत वेगळे काढून द्या, २३ तारखेला चंद्र तेव्हा पूर्वेला वर आलेला असेल, त्यांचंही दर्शन होईल. मिताराशीत दाशी, म्हणजे जपानी सूपचं पाणी, घालू नका, त्यात बहुतेक वेळा मासा असतो. वर ताईंनी दिलेल्या प्रमाणात ती नाहीच. सोया सॉसच्या बाटलीवरची यादी मात्र वाचून घ्या.